पालकाचा अपराध आणि रामशास्त्र्यांचा निर्णय

‘ध’चा ‘मा’ करणें हा वाक्प्रचार मराठी घरांत लहान मुलांच्याहि ओळखीचा आहे. नारायणराव पेशव्यांना ‘धरावें’ अशा हुकुमाच्या कागदावर आनंदीबाईंनीं एक अक्षर फिरवून ‘मारावें’ असें केलें, ही त्यामागची कथा. ती कितपत खरी, याविषयीं इतिहासकारांनीं पुष्कळ वाद केला आहे. परंतु तिच्या लोकप्रियतेनें त्याहून मोठा एक प्रश्न झांकला गेला. अक्षर कोणी फिरविलें याचा शोध घेतांना, ज्याच्या हवालीं पुतण्या केला होता त्या चुलत्यानें ‘धरावें’ असें तरी कां लिहावें, हें विचारावयाचें राहून जातें. तो प्रश्न त्या काळीं एका माणसानें विचारला.

थोरले माधवराव १८ नोव्हेंबर १७७२ रोजीं थेऊर येथें क्षयाच्या विकारानें वारले. वडील नानासाहेब १७६१ सालींच निवर्तले होते. तेव्हां अवघ्या १७ वर्षांच्या नारायणरावांना वडीलधारें माणूस म्हणजे चुलते रघुनाथराव. या दादांनीं माधवरावांविरुद्धहि शस्त्र उचललें होतें व १७६८ सालीं धोडप येथें पराभव पावल्यापासून ते नजरकैदेंत होते. तरीहि अंतकाळीं माधवरावांनीं त्यांना मोकळें करून धाकट्या भावाला त्यांच्या स्वाधीन केलें. गतगोष्टी विसरून टाकलेला तो विश्वास होता.

तो वर्षभरहि टिकला नाहीं. चुलत्या-पुतण्यांचें बिनसलें आणि नारायणरावांनीं दादांना शनिवारवाड्यांतच पहाऱ्यांत ठेविलें. दादांची बाजू मांडणारे या गोष्टीकडे बोट दाखवितात, व ती नाकारण्याचें कारण नाहीं. परंतु पहाऱ्यांतल्या माणसानें सुटकेसाठीं पगारी शिपायांना पुतण्याच्या अंगावर सोडावें, याचें समर्थन त्यानें होत नाहीं.

३० ऑगस्ट १७७३. गणपतीचा उत्सव नुकताच आटोपला होता. थकलेल्या पगाराचें निमित्त करून गारदी वाड्यांत घुसले. नारायणराव जीव घेऊन धांवले ते चुलत्याच्या महालाकडे, आणि त्यांनीं दादांनाच मिठी घातली. भयभीत मुलानें रक्षणासाठीं जेथें जावें, तेथेंच ते गेले होते. गारद्यांनीं त्यांना तेथेंच तोडलें. धन्याच्या अंगावर पडून वार झेलणारा चाफाजी टिळेकर हा सेवकहि मारला गेला. जें कर्तव्य पालकानें टाकलें, तें एका चाकरानें केलें.

दादा पेशवे झाले. फौज, खजिना, मोहोर सारें त्यांच्या हातीं आलें. अशा वेळीं चौकशीस कोण धजणार? धजले ते रामशास्त्री प्रभुणे. साताऱ्याजवळच्या माहुलीचे, काशीस विद्या संपादन करून आलेले हे शास्त्री पेशव्यांचे न्यायाधीश होते. धन्याला जाब विचारण्याची त्यांना संवय होती. माधवराव जपजाप्यांत फार वेळ घालवूं लागले, तेव्हां शास्त्रीबोवांनीं त्यांना सुनावलें कीं, ब्राह्मणाचें अनुष्ठानच करावयाचें असेल तर राज्य सोडून काशीस चलावें. राज्य करावयाचें असेल तर रयतेचा सांभाळ हेंच अनुष्ठान समजावें. माधवरावांनीं तें मानलें, अशी आख्यायिका आहे. पण तेथें ऐकून घेणारा धनी होता. आतां गांठ आरोपीशींच होती आणि आरोपीच राज्याचा धनी होता.

परंपरा सांगते ती हकीकत अशी. शास्त्र्यांनीं पुरावा जमवून दादांना समोरासमोर विचारलें. धरण्याचा हुकूम आपला, मारण्याचा नव्हे, असें दादांनीं सांगितलें. पुढें त्यांनीं प्रायश्चित्त विचारलें तेव्हां, देहान्ताखेरीज याला दुसरें प्रायश्चित्त नाहीं, असें शास्त्र्यांनीं उत्तर दिलें. आणि दादा गादीवर असेपर्यंत पुण्यांत पाऊल ठेवणार नाहीं, असें सांगून ते शहर सोडून गेले.

या निर्णयाची अंमलबजावणी झाली काय? झाली नाहीं. न्यायाधीशापाशीं फौज नव्हती. अपराधाला अपराध म्हणणें आणि अपराध्याची चाकरी नाकारणें, एवढींच दोन साधनें त्याच्या हातीं होतीं. तथापि तीं वायां गेलीं असें म्हणतां येत नाहीं. सखारामबापू, नाना फडणीस, हरिपंत फडके आदि कारभाऱ्यांनीं बारभाईचें कारस्थान उभारलें. नारायणरावांची गरोदर पत्नी गंगाबाई यांना पुरंदरावर सुरक्षित ठेवण्यांत आलें, व १८ एप्रिल १७७४ रोजीं त्यांना पुत्र झाला. तेच सवाई माधवराव. दादांनीं मार्च १७७५ मध्यें सुरतेस इंग्रजांशीं तह करून साष्टी व वसई देऊं केली. एका पालकाच्या अपराधापायीं सबंध राज्य युद्धांत ओढलें गेलें. अखेर १७८२ च्या सालबाईच्या तहानें इंग्रजांनीं त्यांचा पक्ष सोडला, आणि डिसेंबर १७८३ मध्यें कोपरगांवीं दादांचा अंत झाला. रामशास्त्री मात्र बारभाईच्या काळीं सन्मानानें न्यायासनावर परत आले.

या कथेला आणखी एक शेवट आहे. बालपेशव्याचें पालकत्व नाना फडणिसांकडे आलें. त्यांनीं तें निष्ठेनें व दक्षतेनें चालविलें. दादांशीं त्यांची तुलना होऊं शकत नाहीं. पण तरुण झालेल्या पेशव्यावरची नानांची देखरेख सैल झाली नाहीं. १७९५ च्या ऑक्टोबरांत, वयाच्या २१ व्या वर्षीं, शनिवारवाड्यांतून खालीं पडून सवाई माधवराव मरण पावले. तो अपघात होता कीं आत्मघात, याविषयीं आजहि एकमत नाहीं. नानांना त्यांच्या पालकत्वाविषयीं बरोबरीच्या नात्यानें दोन शब्द विचारूं शकणारे रामशास्त्री १७८९ सालींच वारले होते.

दुष्ट पालकाला जाब विचारावा, हें सर्वांनाच पटतें. चांगल्या पालकालाहि तो विचारणारा कोणी असावा लागतो, हें पेशवाईच्या उत्तरकाळानें शिकविलें. एका माणसाच्या धैर्यावर जें अवलंबून होतें, तें त्या माणसाबरोबर गेलें. ‘ध’चा ‘मा’ कोणी केला हें कदाचित् कधींच कळणार नाहीं. परंतु ज्याच्या हातीं मूल सोंपविलें त्याचा त्या मुलाच्या रक्षणाचा हिशेब एका अक्षरानें चुकता होत नाहीं, हें रामशास्त्र्यांनीं १७७३ सालींच सांगून ठेविलें आहे.