पुरून उरलेला भात

घरी फ्राइड राइस करण्याची कोणतीही कृती घेतली तरी तिची पहिली अट एकच असते: भात कालचा हवा. नुकताच उतरवलेला, वाफाळता भात कढईत परतला तर त्याचा लगदा होतो. रात्रभर थंड जागी राहिलेल्या भातातील स्टार्च पुन्हा घट्ट बांधला जातो, शितांचा पृष्ठभाग कोरडा होतो आणि मोठ्या आचेवर परतताना शीत शितापासून सुटे राहते. हीच अट आपल्या फोडणीच्या भातालाही लागू आहे. भेद येतो तो पुढच्या पायरीवर. मराठी घरात तेलात मोहरी, जिरे, हिंग, हळद, मिरची, कढीपत्ता, कांदा अशी फोडणी होते, हाताने मोकळा केलेला भात तीत पडतो, वर पाण्याचा हबका मारून झाकण ठेवले जाते आणि एक वाफ काढली जाते. चिनी पद्धतीत झाकण नाही, पाणीही नाही. तापलेली पातळ कढई आणि हाताचा वेग. एक पद्धत कोरड्या पडलेल्या भाताला ओलावा परत देते, दुसरी त्या कोरडेपणाचाच उपयोग करून घेते.

या दोन्ही पदार्थांचा मुख्य घटक, काटेकोरपणे बोलायचे तर, तांदूळ नाही. 'उरलेला भात' हा आहे. छापील पाकशास्त्राला हा घटक तसा अडचणीचाच. रामचंद्र सखाराम गुप्ते यांच्या 'सूपशास्त्रा'पासून (१८७५) लक्ष्मीबाई धुरंधरांच्या 'गृहिणीमित्रा'पर्यंत (१९१०) आणि वाटी-चमच्याचे माप घरोघर रुजवणाऱ्या कमलाबाई ओगले यांच्या 'रुचिरा'पर्यंत (१९७०) मराठीत पाकग्रंथांची मोठी परंपरा आहे. पण पाकग्रंथ हा वाङ्मयप्रकारच मुळी कोऱ्या धान्यापासून आणि मोजलेल्या मापापासून सुरू होतो. उरलेल्याला माप नसते. जेवढे उरले तेवढेच त्याचे माप. म्हणून फोडणीचा भात शिकण्यासाठी कोणी पुस्तक उघडत नाही, आणि त्याचा इतिहास लिहायचा तर तो पाककृतींत शोधून भागत नाही.

तो शोधण्याची वाट मराठीतल्या एका वाक्प्रचारात सापडते. 'पुरून उरणे' असे आपण म्हणतो. आधी पुरावे लागते, मग उरते. फोडणीच्या भाताचा इतिहास म्हणजे भात कोणाला पुरून उरत होता याचा इतिहास. हा प्रश्न कोकणात किंवा पुण्यातल्या वाड्यांत विचारला तर उत्तर सोपे आहे. तो नंदुरबार जिल्ह्यातल्या कोरीटसारख्या गावाच्या संदर्भात विचारला, की मात्र तो बोचू लागतो.

वास्तविक या भागाला भात परका नाही. अबुल फजलच्या 'आईन-ए-अकबरी'त, म्हणजे सोळाव्या शतकाच्या अखेरीस, खानदेशाचे वर्णन येते. तेथील मुख्य पीक ज्वारी. काही ठिकाणी तिची वर्षाला तीन पिके निघतात असे तो नोंदवतो, आणि तांदूळही उत्तम प्रतीचा असल्याचे सांगतो. पुढच्या शतकात फ्रेंच जवाहिऱ्या ताव्हर्निये सुरतेहून बऱ्हाणपूरकडे जाताना नवापूर आणि नंदुरबार या वाटेने गेला. १६७६ साली प्रसिद्ध झालेल्या त्याच्या प्रवासवर्णनात नवापूरच्या तांदळावर एक लक्षणीय परिच्छेद आहे. गाव विणकरांचे, पण मुख्य व्यापार तांदळाचा. नदीच्या पाण्यावर पोसलेला हा तांदूळ नेहमीच्या तांदळापेक्षा निम्म्या आकाराचा, शिजल्यावर बर्फाहून पांढरा आणि कस्तुरीसारखा सुगंधी. हिंदुस्थानातले उमराव दुसरा तांदूळ खात नाहीत आणि इराणात कोणाला मनाजोगी भेट द्यायची तर याच तांदळाचे पोते नेतात, असे तो सांगतो.

त्या परिच्छेदात खाणारे आहेत, विकणारे आहेत, भेट देणारे आहेत; पिकवणाऱ्याचे ताट त्यात नाही. ते नसणे ही ताव्हर्नियेची एकट्याची उणीव मानण्याचे कारण नाही. कल्याणीच्या चालुक्य राजा सोमेश्वराच्या 'मानसोल्लासा'त (सुमारे ११२९) रक्तशाली, महाशाली, गंधशाली अशा तांदळाच्या जाती नावानिशी येतात, तेही राजाच्या 'अन्नभोगा'च्या प्रकरणात. तांदळाविषयी लिहिले गेले ते बहुधा तो ज्याच्या ताटात पडला त्याच्या बाजूने. खानदेशातल्या सामान्य घरात भात ही सणावाराची, पाहुण्याची किंवा आजाऱ्याची वस्तू होती. रोजचे अन्न भाकरीचे. सातपुड्याच्या डोंगरउतारावर ज्वारी-मक्याबरोबर मोर, बर्टी, भादी यांसारखी बारीक भरडधान्ये. अशा घरात शिळे उरायचे ते भाकरीच्या रूपात. भाकरी कुस्करून फोडणीला टाकायची, किंवा ताकात-दुधात मोडायची. फोडणीच्या भाताचा हा खानदेशी जुळा भाऊ. तंत्र तेच, धान्य वेगळे.

भाषेच्या अभ्यासकाला इथे एक गोष्ट खटकायला हवी. 'शितावरून भाताची परीक्षा', 'असतील शिते तर जमतील भुते' या म्हणी आपण साऱ्या महाराष्ट्राच्या समजतो, पण त्यांतले स्वयंपाकघर भाताचे आहे. 'लष्कराच्या भाकरी भाजणे' दुसऱ्या चुलीवरून आलेले आहे. बहिणाबाई चौधरींना (१८८०–१९५१) संसाराची प्रतिमा हवी होती तेव्हा त्यांनी तवा आणि भाकर घेतली; जळगावजवळच्या असोद्याच्या या कवयित्रीला भाताचे पातेले सुचण्याचे कारण नव्हते. प्रमाण मराठीच्या पोटात अशा दोन चुली शेजारी शेजारी पेटलेल्या आहेत, आणि पाठ्यपुस्तकांनी त्या एकच असल्याचा समज दृढ केला आहे.

शिळ्याचा दुसरा धागा धर्मशास्त्राकडे जातो. रात्र उलटलेल्या अन्नाला संस्कृतात 'पर्युषित' म्हणतात, आणि गीतेच्या सतराव्या अध्यायात त्याची गणना तामस आहारात होते. परंतु मनुस्मृतीच्या पाचव्या अध्यायात एक सवलत आहे: अन्न स्नेहयुक्त, म्हणजे तुपातेलाने युक्त, असेल आणि बिघडलेले नसेल, तर ते पर्युषित असूनही चालते. हा स्नेह आधीच हवा की खाताना घातला तरी चालेल, असा प्रश्न यावर उभा राहतोच. आपल्या आज्यांनी तो शास्त्र्यांकडे नेला नाही. सकाळी कढई चुलीवर ठेवून, तेलात मोहरी टाकून सोडवला. फोडणी हा केवळ चवीचा उपाय नव्हता. कालच्या अन्नाला आजचे करून घेण्याचा तो विधी होता.

मात्र 'बिघडलेले नसेल तर' ही अट फोडणीने पुरी होत नाही, हे आज आपल्याला ठाऊक आहे. बॅसिलस सेरियस या जिवाणूचे बीजाणू भात शिजवूनही मरत नाहीत; भात तासन्‌तास उबदार जागी राहिला की ते वाढतात, आणि त्यांचे उलटी घडवणारे विष नंतरच्या परतण्याने नष्ट होत नाही. १९७०च्या दशकाच्या आरंभी ब्रिटनमध्ये हा आजार ओळखला गेला तो चिनी उपाहारगृहांतल्या फ्राइड राइसमुळेच. तेव्हा भात उरवायचा तर तो पसरट भांड्यात लवकर निववून शीतकपाटात ठेवावा, दुसऱ्या दिवशी संपवावा आणि खणखणीत तापवून खावा. शिळेपणाची अस्पृश्यता जितकी निराधार, तितकीच त्याविषयीची बेफिकिरीही.

'अस्पृश्यता' हा शब्द इथे केवळ अलंकार म्हणून वापरता येणार नाही. आपले शिळे आपण खाणे ही काटकसर. दुसऱ्याचे शिळे खावे लागणे ही गुलामगिरी. गावगाड्यात महारांच्या वाट्याला मोबदला म्हणून येणारी भाकर अनेकदा उरलेली, शिळी असे. १९ व २० मार्च १९२७ रोजी महाडला भरलेल्या कुलाबा जिल्हा बहिष्कृत परिषदेत डॉ. आंबेडकरांनी मृत जनावरांचे मांस आणि असे उष्टे-शिळे तुकडे नाकारण्याचे आवाहन केले, ते या अर्थाने अन्नाच्या इतिहासातलेही एक वळण आहे. शाहू पाटोळे यांनी मराठवाड्यातील महार-मांग समाजांच्या खाद्यसंस्कृतीवरील पुस्तकाला 'अन्न हे अपूर्णब्रह्म' (२०१५) असे नाव दिले. त्या एका 'अ'ने सांगितलेली गोष्ट उरलेल्या अन्नावर लिहिताना विसरून चालत नाही.

मग नंदुरबारच्या खेड्यात भात रोजचा झाला कधी? १९७२च्या दुष्काळात महाराष्ट्राने अमेरिकेतून आलेली लाल मिलो आणि दुष्काळी कामांवरची सुकडी खाल्ली. बाहेरचे धान्य सरकारच्या हातून घरात येण्याची सवय त्या पिढीला लागली. १५ ऑगस्ट १९९५ रोजी शालेय पोषण आहाराची राष्ट्रीय योजना सुरू झाली आणि प्रारंभी मुलांना महिन्याला तीन किलो तांदूळ घरी मिळू लागला. नोव्हेंबर २००१मध्ये सर्वोच्च न्यायालयाने शिजवलेले अन्न देण्याचा आदेश दिल्यावर शाळाशाळांत खिचडी शिजू लागली. २०१३च्या अन्नसुरक्षा कायद्याने पात्र कुटुंबांतील माणशी पाच किलो धान्याचा हक्क दिला: तांदूळ तीन रुपये, गहू दोन रुपये, भरडधान्य एक रुपया किलो. २०२३पासून हे धान्य मोफत आहे. २०११च्या जनगणनेनुसार सुमारे ६९ टक्के आदिवासी लोकसंख्या असलेल्या या जिल्ह्यात त्याचा अर्थ काय झाला असेल हे सांगायला नको. कायद्यात भरडधान्य होते. पिशवीत बहुधा गहू आणि तांदूळच पडला.

अशा रीतीने भात पुरला, आणि मग उरला. नेमक्या याच काळात फ्राइड राइस गावापर्यंत पोहोचला होता. त्याचीही वाट सरळ नव्हती. कोलकात्यात अठराव्या शतकाच्या अखेरीपासून चिनी वस्ती होती. १९६२च्या युद्धानंतर सुमारे तीन हजार चिनी वंशाच्या भारतीयांना राजस्थानातील देवळीच्या छावणीत डांबण्यात आले. कित्येक कुटुंबे कायमची देश सोडून गेली. जे राहिले त्यांच्यापैकी काहींच्या हातचे अन्न मात्र पुढच्या दोन दशकांत देशभर गेले. कोलकात्यात जन्मलेले नेल्सन वांग यांना १९७५ साली मुंबईच्या क्रिकेट क्लब ऑफ इंडियात 'मांचुरियन' घडवण्याचे श्रेय दिले जाते. त्यानंतर मुंबईच्या पदपथांवर लाल अक्षरांच्या 'चायनीज'च्या गाड्या आल्या, आणि तेथून तालुक्याच्या बसस्थानकापर्यंत त्या पोहोचल्या.

या प्रवासात 'सिचुआन'चे 'शेजवान' झाले. मूळ सिचुआनी चवीचा प्राण असलेले झणझणीत बधिर करणारे फळ त्यातून गळाले, जरी त्याचे सख्खे भावंड, तिरफळ, कोकणातल्या माशाच्या आमटीत आधीपासून होते. उरले काय, तर सुक्या लाल मिरच्या, लसूण आणि तेल. मिरचीच्या बाजारपेठेसाठी ज्याचे नाव राज्यभर घेतले जाते त्या नंदुरबारला ही चटणी अनोळखी वाटण्याचे काहीच कारण नव्हते. ठेच्याच्या घरी ती पाहुणी म्हणून आली आणि नातलग निघाली.

कोरीटच्या एखाद्या घरी आज कोणी रात्रीचा भात सकाळी कढईत परतत असेल, तर ते शहराचे अनुकरण आहे असे म्हणणे फार घाईचे होईल. त्या कढईत रेशनचा तांदूळ आहे, शेजारच्या बाजाराची मिरची आहे, एका छळलेल्या समाजाचे तंत्र आहे आणि शिळ्या भाकरीवर हात बसलेल्या बाईचे कसब आहे. उरलेले आपले आपण, मानाने खाण्याची मुभाही त्यात आहे, आणि ती लहान गोष्ट नाही.

त्याचबरोबर हिशेबाची दुसरी बाजूही मांडायला हवी. ज्या जिल्ह्याचा तांदूळ एकेकाळी इराणात भेट म्हणून जात होता, त्याच्या कढईतला तांदूळ आज बहुतांशी बाहेरून येतो. आणि मोर, बर्टी, भादी ही नावे मराठीच्या विद्यार्थ्याला शब्दकोशात शोधावी लागतात. भात पुरून उरला हे खरे. तो उरत असताना काय उरेनासे झाले, याची नोंद अजून कोणी पुरती केलेली नाही. ती करण्याचे काम केवळ शेतीशास्त्राचे नाही, भाषेचेही आहे.