खेळ कोणाचा?

आट्यापाट्यांचे किंवा सोंगट्यांचे नियम गांवोगांवीं बदलतात, आणि ते बदलण्यास कोणी कोणाची अनुज्ञा मागत नाहीं. खेळ हा खेळणाराचा, ही समजूत इतकी जुनी आहे कीं ती कोणीं बोलूनही दाखविली नाहीं. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धांत मात्र खेळ यंत्रांत शिरला, त्याचे नियम यंत्राच्या स्मृतींत कोंडले गेले आणि त्यांवर कारखानदाराचें नांव लागलें. तेव्हांपासून संगणकावरील खेळांत हौशी मंडळींनीं केलेल्या फेरफारांचा एक स्वतंत्र इतिहास घडत आला आहे. विषय वरवर पोरकट दिसतो. पण कर्ता आणि रसिक यांचें नातें काय असावें, हा जुनाच प्रश्न त्यांत नव्या वेषानें उभा आहे.

पहिलें प्रकरण अमेरिकेंतील मॅसॅच्युसेट्स संस्थानांतलें. एम्. आय्. टी. या विद्यापीठांतील कांहीं तरुणांनीं नाणें टाकून खेळण्याचीं यंत्रें आवारांत ठेविलीं होतीं. त्यांपैकीं ‘मिसाइल कमांड’ हा अटारी कंपनीचा खेळ पुढें खेळाडूंच्या इतका अंगवळणीं पडला कीं एकाच नाण्यावर ते पुष्कळ वेळ खेळूं लागले, आणि उत्पन्न घटलें. तेव्हां या तरुणांनीं १९८१ सालीं खेळ अधिक कठीण करणारी एक जोड-पट्टिका तयार केली व ती विकावयास काढली. अटारीनें त्यांच्यावर दावा लावला. पण त्याचा शेवट मोठा चमत्कारिक झाला. दावा मागें घेण्यांत आला, कंपनीनें त्याच तरुणांस नवे खेळ रचण्याचें काम दिलें, आणि मूळ कर्त्याच्या संमतीवांचून अशी पुरवणी विकूं नये एवढें त्यांच्याकडून कबूल करून घेतलें.

यावेळीं त्यांच्या हातीं दुसरी एक पुरवणी होती. जपानांत १९८० सालीं निघालेल्या ‘पॅक-मॅन’ या खेळांतील भुतें ठराविक मार्गानेंच फिरत, आणि ते मार्ग खेळाडूंनीं पाठ केले होते. पुरवणीनें भुतांची चाल अनिश्चित केली व एका चक्रव्यूहाच्या जागीं चार आणले. अमेरिकेंत ‘पॅक-मॅन’ विकणाऱ्या मिडवे कंपनीनें ती घेतली, आणि १९८२ सालीं तिचा ‘मिझ पॅक-मॅन’ झाला. त्याचीं लाखाहून अधिक यंत्रें खपलीं. खेळांतलें वैगुण्य तो अहोरात्र खेळणाऱ्यासच प्रथम कळतें, हें यावरून दिसलें. पण संमति मिळाली नसती तर तेंच काम चोरी ठरलें असतें, हेंही दिसलें.

दुसरें प्रकरण ‘डूम’ या खेळाचें. टेक्सास संस्थानांतील मेस्क्विट येथें ‘इड सॉफ्टवेअर’ नांवाची लहानशी मंडळी काम करीत असे. तिच्या १९९२ सालच्या ‘वुल्फेन्स्टाइन थ्री-डी’ या खेळांत हौशी लोकांनीं चित्रें व नकाशे बदलले होते; परंतु तसें करितांना मूळच्या फायलींवरच नवें लिहावें लागे. नवें आणावें तर जुनें पुसावें, अशी ती अडचण होती. मंडळीचे प्रमुख प्रोग्रॅमर जॉन कारमॅक यांनीं ती हेरली. १० डिसेंबर १९९३ रोजीं प्रसिद्ध झालेल्या ‘डूम’मध्यें त्यांनीं खेळ चालविणारें इंजिन एकीकडे ठेविलें, आणि नकाशे, चित्रें व ध्वनि हें साहित्य ‘वॅड’ नांवाच्या निराळ्या फायलींत ठेविलें. हौशी माणसानें आपली स्वतंत्र वॅड रचावी, आणि मूळास धक्का न लावतां ती इंजिनाकडून चालवून घ्यावी. अशी भर विकत घेतलेल्या प्रतीवरच चालावी, फुकट वांटलेल्या पहिल्या भागावर नव्हे, एवढीच मंडळीची अपेक्षा होती. १९९४ च्या आरंभींच नकाशे रचण्याचीं साधनें हौशी मंडळींनीं स्वतः निर्माण केलीं.

या व्यवस्थेसही एकदां ओरखडा उठला. ‘टीम टी. एन्. टी.’ या हौशी मंडळीनें बत्तीस नकाशांची मालिका रचून ती फुकट देण्याचें जाहीर केलें होतें. प्रसिद्धीच्या ऐन वेळीं ‘इड’नें ती विकत घेतली, आणि १९९६ सालीं ‘फायनल डूम’ या नांवानें दुसऱ्या एका हौशी मालिकेसह ती बाजारांत आणली. कर्त्यांच्या श्रमाचें चीज झालें. पण वाट पाहणाऱ्या कित्येकांस तें रुचलें नाहीं. जें दान म्हणून येणार होतें तें माल म्हणून आलें, हें त्यांचें शल्य होतें, आणि तें खोटें म्हणतां येत नाहीं. पुढें १९९७ च्या डिसेंबरांत खुद्द ‘डूम’चा मूळ प्रोग्रॅमच सर्वांस खुला झाला. ध्वनीचा भाग दुसऱ्याच्या मालकीचा असल्यामुळें तेवढा वगळावा लागला.

तिसरा मार्ग भाषांतराचा. ‘मदर ३’ हा खेळ जपानांत २००६ सालीं निघाला, परंतु कंपनीनें त्याची इंग्रजी आवृत्ति काढली नाहीं. २००८ सालीं हौशी भाषांतरकारांनीं ती उणीव भरून काढली. त्यांनीं खेळ वांटला नाहीं. मुळांत काय बदलावयाचें तेवढेंच वांटलें. पुस्तकावांचून शुद्धिपत्राचा जसा उपयोग नाहीं, तसाच मूळ प्रतीवांचून त्या फायलीचा नाहीं.

यावर एक आक्षेप येतो व तो विचारणीय आहे. ज्याच्या मनांत येईल त्यानें भर घातली तर मूळ कृतीचें काय राहील? एकनाथांनीं शके १५०६ मध्यें ज्ञानेश्वरीची प्रत शुद्ध केली ती पाठांत शिरलेल्या अशुद्धांमुळेंच, आणि पुढें कोणीं तींत आपली ओवी घालूं नये असें बजावूनही ठेविलें. हस्तलिखिताच्या काळीं ही भीति सार्थ होती. कारण घातलेली ओवी मूळ ओव्यांत मिसळून जाई व पुढच्या नकलकारास दोन्ही सारख्याच दिसत. ‘डूम’च्या निराळ्या फायलींत किंवा त्या भाषांतराच्या शुद्धिपत्रांत ती भीति उरत नाहीं. मूळ पोथी जेथल्या तेथें राहते. भर घालणारा आपली वही बाजूला, आपल्या नांवानें ठेवतो.

२०१९ सालीं ‘डूम’च्या मूळ कर्त्यांपैकीं जॉन रोमेरो यांनींच त्या जुन्या खेळासाठीं ‘सिजिल’ नांवाची नवी वॅड रचून ती विनामूल्य दिली. पंचवीस वर्षांनीं कर्ता स्वतःच हौशी मंडळींच्या पंक्तीस येऊन बसला. कर्त्याचें नांव व त्याची उपजीविका यांस धक्का लागूं नये, हें खरेंच. पण कर्ता वळून पाहील तेव्हां पंगत बसलेली असावी, यांतच त्याच्या कृतीचें आयुष्य आहे.