१९६८ : अमेरिकेत घराच्या हक्काचा कायदा झाला ते वर्ष

१९६८ हे वर्ष अमेरिकेसाठी मोठ्या उलथापालथीचे ठरले. जानेवारीच्या अखेरीस व्हिएतनाममध्ये टेट हल्ला झाला आणि युद्ध आपण जिंकतोय, या सरकारी दाव्यावरचा अनेकांचा विश्वास उडाला. ३१ मार्चला राष्ट्राध्यक्ष लिंडन जॉन्सन यांनी पुन्हा निवडणूक लढवणार नसल्याचे जाहीर केले.

४ एप्रिलला मेम्फिस शहरात डॉ. मार्टिन ल्यूथर किंग यांची गोळी घालून हत्या झाली. संपावरच्या सफाई कामगारांना साथ द्यायला ते तिथे गेले होते. शंभराहून जास्त शहरांत दंगली पेटल्या. आठवड्यातच, ११ एप्रिलला, जॉन्सन यांनी नवा नागरी हक्क कायदा सही करून लागू केला. वंश, रंग, धर्म किंवा मूळ देश बघून घर विकायला वा भाड्याने द्यायला नकार देणे बहुतेक ठिकाणी बेकायदा ठरले. याच मागणीसाठी १९६६ मध्ये शिकागोत मोर्चा काढताना किंग यांना डोक्यावर दगड खावा लागला होता.

जूनमध्ये रॉबर्ट केनेडी यांचीही हत्या झाली. ऑगस्टमध्ये शिकागोत युद्धविरोधी निदर्शकांवर पोलिसांच्या लाठ्या बरसल्या. नोव्हेंबरमध्ये रिचर्ड निक्सन निवडून आले, पण युद्ध काही थांबले नाही.

घराच्या कायद्याची अंमलबजावणीही कमजोरच राहिली. सरकारी खाते समेट घडवण्यापलीकडे फारसे काही करू शकत नव्हते. १९८८ च्या दुरुस्तीने कारवाईचे खरे अधिकार मिळाले. कागदावरचा हक्क हातात पडायला वीस वर्षे गेली. आज धर्म बघून घर नाकारले, तर तिथली मुस्लिम कुटुंबेही याच कायद्याने दाद मागू शकतात.