डिलीट झालेला गेम नक्की जातो कुठे?



‘दादा, फोन रिसेट मारला आणि गेम उडाला, परत येईल का?’ मी सॉफ्टवेअरमध्ये काम करतो हे कळलं, की लग्नकार्यातसुद्धा कुणीतरी भाचा-पुतण्या मला कोपऱ्यात गाठून हे विचारतोच. प्रश्न साधा वाटतो. पण गंमत अशी, की याचं उत्तर १९८५ साली एक होतं, २०१५ साली दुसरं होतं आणि आज तिसरंच आहे. म्हणून आजच्या भागात ‘डिलीट’ या एका शब्दाचा इतिहास. चाळीस वर्षांत त्याचा अर्थ कसा बदलत गेला, आणि गेलेले गेम लोकांनी कुठून कुठून उकरून काढले, ते बघू.

कॉम्प्युटर: खोडलं ते फक्त नाव

सुरुवात डॉसपासून करू. फ्लॉपी किंवा हार्ड डिस्कवर फाइल्सची एक यादी असते. पुस्तकाच्या अनुक्रमणिकेसारखी. कुठली फाइल कुठल्या जागेपासून सुरू होते, हे त्यात लिहिलेलं असतं. तुम्ही फाइल डिलीट केलीत की डॉस तिच्या नावाचं पहिलं अक्षर बदलून तिथे एक खूण टाकायचं आणि ‘ही जागा आता मोकळी’ अशी नोंद करायचं. बस्स. गेम जिथे होता तिथेच. अनुक्रमणिकेतून धड्याचं नाव खोडलं, पण धड्याची पानं कुणी फाडली नाहीत.

हे ओळखून पीटर नॉर्टन या प्रोग्रामरने १९८२ मध्ये नॉर्टन युटिलिटीज बाजारात आणलं. पुसलेली फाइल परत आणणं हे त्याचं सगळ्यात गाजलेलं काम. पुढे १९९१ मध्ये डॉसच्या पाचव्या आवृत्तीत ‘अनडिलीट’ नावाची कमांडच आली. अट एकच: त्या मोकळ्या जागेवर दुसरं काही लिहिलं गेलेलं नसावं. म्हणून फाइल गेली की आधी मशीन वापरणं थांबवा, हा सल्ला तेव्हापासूनचा आहे.

हार्ड डिस्क आणि पेन ड्राइव्हला तो आजही बऱ्यापैकी लागू पडतो. पण आताच्या लॅपटॉपमध्ये एसएसडी असते. तिथे फाइल डिलीट झाली की ऑपरेटिंग सिस्टिम ड्राइव्हला ‘ट्रिम’ नावाचा निरोप पाठवते, आणि ड्राइव्ह सवडीने ती जागा खरोखर साफ करून टाकतो. म्हणजे इथे पानंच फाडली जातात.

आता कॉम्प्युटरवरची माझी आवडती गोष्ट. ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’ आठवतोय ना? तुमच्या मोठ्या ताई-दादांनी शाळेच्या कॉम्प्युटर लॅबमध्ये सरांची नजर चुकवून खेळलेला. जॉर्डन मेकनर यांनी तो ॲपल टू या मशीनसाठी लिहिला आणि १९८९ मध्ये तो बाजारात आला. गेम जगभर पोचला, पण त्याचा मूळ सोर्स कोड खुद्द मेकनरनाच सापडत नव्हता. अनेक वर्षं शोधून झालं. मग २०१२ मध्ये त्यांच्या वडिलांनी घर आवरायला काढलं, आणि कपाटाच्या तळाशी फ्लॉप्यांचा एक खोका निघाला. कोड त्यातच होता.

पण फ्लॉपी सापडली म्हणजे काम झालं असं नाही. चुंबकीय थर वर्षागणिक विरत जातो. मेकनरनी घाईने फ्लॉप्या ड्राइव्हमध्ये सारल्या नाहीत. इंटरनेट आर्काइव्हचे जेसन स्कॉट आणि जुन्या ॲपल मशीन्सचे जाणकार टोनी डियाझ यांना घरी बोलावलं. त्यांनी डेटा सुखरूप काढला, आणि त्याच एप्रिलमध्ये मेकनरनी तो कोड सगळ्यांसाठी गिटहबवर ठेवला. आज तुम्ही तो उघडून वाचू शकता.

दुसरी गोष्ट फ्लॅशची. सायबर कॅफेत तासाला दहा-वीस रुपये देऊन ब्राउझरमध्ये खेळायचे ते गेम. अडोबीने २०१७ च्या जुलैमध्ये सांगून टाकलं, की २०२० संपलं की फ्लॅश बंद. तीन वर्षं हातात होती, आणि लोकांनी ती वापरली. २०१८ च्या जानेवारीत फ्लॅशपॉइंट नावाचा प्रकल्प सुरू झाला. स्वयंसेवकांनी साइट्स धुंडाळून एक लाखाहून जास्त गेम आणि ॲनिमेशन जमा केली. रफल नावाचा एमुलेटर आला आणि इंटरनेट आर्काइव्हवर फ्लॅश पुन्हा चालू लागलं. वेळेत कळलं, म्हणून वाचलं.

कन्सोल: हवेतून आलेले गेम

कन्सोलचे गेम पूर्वी कार्ट्रिजमध्ये यायचे. कार्ट्रिजमधला गेम डिलीट कसा करणार? पण जपानमध्ये निन्टेन्डोने १९९५ मध्ये एक भन्नाट प्रकार सुरू केला: सॅटेलाव्ह्यू. सुपर फॅमिकॉम कन्सोलच्या खाली एक मोडेम बसवायचा आणि ठरलेल्या वेळी उपग्रहावरून गेम उतरवून घ्यायचा. तो एका छोट्या मेमरी पॅकमध्ये साठायचा. जागा इतकी कमी, की नवीन गेम हवा तर जुना पुसावा लागे. काही गेम तर ठरावीक वेळाच चालायचे. २००० साली प्रसारण थांबलं आणि ते गेम पुन्हा मिळण्याची अधिकृत सोयच उरली नाही.

मग जुन्या गेम्सचे शौकीन वापरलेले मेमरी पॅक विकत घेऊ लागले. कुणाच्या पॅकमध्ये काय निघेल ते माहीत नसायचं. पॅकमधला सगळा डेटा कॉपी करायचा, शाबूत गेम वेगळे काढायचे, अर्धवट पुसलेल्यांचे उरलेले तुकडे जपायचे. ‘झेल्डा’च्या सॅटेलाव्ह्यू आवृत्तीत तर निवेदकांचा आवाज थेट प्रक्षेपित व्हायचा. तो पॅकमध्ये साठतच नव्हता. तो आवाज मिळाला कुठे? खेळता खेळता कुणीतरी व्हीएचएस टेपवर रेकॉर्ड करून ठेवला होता, तिथे!

आता २०१४ मध्ये येऊ. १२ ऑगस्टला प्लेस्टेशन ४ वर ‘पी. टी.’ नावाचा छोटासा भयपट-गेम फुकटात आला. एक बोळ, एक वळण, पुन्हा तोच बोळ. हिदेओ कोजिमा आणि सिनेमा दिग्दर्शक गिएर्मो देल तोरो यांच्या ‘सायलेंट हिल्स’ची ती झलक होती. पुढे कोनामी कंपनीने तो मोठा गेमच रद्द केला, आणि २०१५ च्या एप्रिल अखेरीस ‘पी. टी.’ स्टोअरवरून उतरवला. त्यानंतर तो पुन्हा डाउनलोड करण्याचा मार्गही बंद झाला. ज्यांनी जागा करण्यासाठी तो डिलीट केला होता, त्यांचा कायमचा गेला. ‘पी. टी.’ असलेले जुने प्लेस्टेशन ईबेवर चढ्या भावाने विकायला आले.

फरक लक्षात घ्या. डॉसमध्ये यादीतून नाव जायचं आणि गेम तुमच्या घरात राहायचा. इथे यादी दुकानदाराच्या हातात गेली. त्याने शटर ओढलं की तुमच्याकडे जे शिल्लक आहे तेवढंच.

फोन: बावीस तासांची मुदत

व्हिएतनामच्या डाँग न्युयेनने एकट्याने बनवलेला ‘फ्लॅपी बर्ड’ २०१३ मध्ये आला आणि २०१४ च्या सुरुवातीला जगभर चालला. ‘मला हे आता झेपत नाही, बावीस तासांत गेम काढून टाकतोय’ अशा अर्थाचं ट्वीट त्याने फेब्रुवारीत केलं, आणि शब्द पाळला. ॲन्ड्रॉइडवर ॲपची एपीके फाइल वेगळी काढून जपता येते, म्हणून तिथे प्रती टिकल्या. आयफोनवर ते सोपं नव्हतं. त्यात २०१७ मध्ये आयओएस ११ आलं आणि जुनी ३२-बिट ॲप्स चालणंच थांबलं. ज्यांनी फोन अपडेट केला, त्यांचे असे कितीतरी जुने गेम न पुसताच गेले.

त्याच्याही आधीचे जावा गेम आठवा. नोकियावर शंभर-दोनशे केबीची जार फाइल, ब्लूटूथने वर्गभर फिरलेली. किंवा ऑपरेटरच्या पोर्टलवरून घेतलेली, बॅलन्स कापून. ते गेम वाचवणं अवघड का? कारण प्रत्येक स्क्रीनच्या मापाला वेगळी आवृत्ती असायची. एकाच गेमच्या अनेक फाइल्स, आणि त्यातली नेमकी चांगली आवृत्ती कुणाच्या तरी बंद पडलेल्या फोनमध्ये. आज जे२एमई लोडर नावाच्या ॲपवर ते गेम ॲन्ड्रॉइडमध्ये चालतात, पण आधी फाइल तर मिळायला हवी.

आणि इथे आपल्या घरचा मुद्दा येतो. १९९९ मध्ये विशाल गोंडल यांनी मुंबईत इंडियागेम्स सुरू केली. भारतातल्या पहिल्या मोबाइल गेम कंपन्यांपैकी ही एक. पुढे ती यूटीव्हीकडे आणि मग डिस्नीकडे गेली. कंपन्या विकल्या जातात, टीम फुटतात, त्यात काही वावगं नाही. पण मुंबईतल्या पोरांनी तेव्हा लिहिलेला कोड, काढलेली चित्रं, बनवलेले आवाज यांची नोंद ठेवणं हे कुणाचंच काम नव्हतं.

सिनेमाच्या बाबतीत आपण ही किंमत मोजलीय. ‘आलम आरा’, आपला पहिला बोलपट, १९३१ मध्ये मुंबईत लागला. आज त्याची एकही प्रत सापडत नाही. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय सुरू झालं १९६४ मध्ये, म्हणजे तेहतीस वर्षांनी. तिथे पी. के. नायरांनी गावोगाव फिरून रिळं गोळा केली. फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’ आणि ‘कालिया मर्दन’चे उरलेले भाग आपल्याला बघता येतात, ते त्यांच्या खटपटीमुळे. पुस्तकाची प्रत ठरावीक ग्रंथालयांना द्यावी असा कायदा आपल्याकडे १९५४ पासून आहे. गेमला असं घर नाही.

सर्व्हर: फाइल आहे, गेम नाही

तिसरा टप्पा तुम्ही स्वतः अनुभवलाय. सप्टेंबर २०२० मध्ये पबजी मोबाइलवर बंदी आली. ज्यांच्या फोनमध्ये तो आधीपासून होता, ते खेळत राहिले. मग ३० ऑक्टोबरला भारतासाठीची सेवा थांबली. फाइल फोनमध्ये तशीच, एक बाइटही पुसलेला नाही, आणि तरी गेम गेला. कारण अर्धा गेम सर्व्हरवर होता.

युबिसॉफ्टचा ‘द क्रू’ तर लोकांनी पैसे मोजून घेतला होता. ३१ मार्च २०२४ ला सर्व्हर बंद झाला आणि एकट्याने खेळायचा भागसुद्धा थांबला. यावरून युरोपात ‘स्टॉप किलिंग गेम्स’ ही मोहीम उभी राहिली आणि २०२५ मध्ये तिने दहा लाख सह्यांचा टप्पा ओलांडला. काही चाहत्यांनी वेगळी वाट धरली. सर्व्हर काय उत्तर देत होता ते अभ्यासून त्यांनी स्वतःचा सर्व्हर लिहिला आणि गेम पुन्हा चालू केला. प्रोग्रामर म्हणून सांगतो, हे पुसलेली फाइल परत आणण्यापेक्षा कितीतरी अवघड आहे. फाइलचे निदान तुकडे तरी असतात. इथे जे कधी तुमच्याकडे नव्हतंच ते अंदाजाने पुन्हा लिहायचं असतं.

प्रश्न किती मोठा आहे? अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये अभ्यास केला. तिथे २०१० पूर्वी आलेल्या गेम्सपैकी ८७ टक्के आज बाजारात विकत मिळत नाहीत. तरी जतन केलेले गेम संशोधकांना घरबसल्या वापरू देण्याची ग्रंथालयांची मागणी तिथल्या कॉपीराइट कार्यालयाने २०२४ मध्ये नाकारली.

मग भाच्याला काय सांगू?

विकत घेतलेला गेम असेल तर आधी त्याच अकाउंटने लॉग-इन कर. स्टोअरवरून उतरलेला गेमसुद्धा पुष्कळदा तुझ्या खरेदीच्या यादीत असतो. सेव्ह फाइलचा बॅकअप क्लाउडवर आहे का ते बघ. जुनी हार्ड डिस्क असेल तर तिच्यावर काही नवीन टाकू नकोस आणि फोटोरेकसारखं मोफत टूल दुसऱ्या ड्राइव्हवरून चालव. आणि ‘एका टॅपमध्ये डिलीटेड गेम परत’ म्हणणारी फोनमधली ॲप्स टाळ. आजच्या ॲन्ड्रॉइडमध्ये डेटा एन्क्रिप्ट केलेला असतो आणि रिसेटमध्ये किल्लीच नष्ट होते. त्या ॲपला ना गेम सापडणार ना किल्ली. तुझे फोटो आणि कॉन्टॅक्ट मात्र सापडतील.

आणि तुम्हा सगळ्यांना एक काम. घरातला जुन्या सीड्यांचा डबा, ड्रॉवरमधला नोकिया, त्यातलं मेमरी कार्ड एकदा बाहेर काढा. रीतसर घेतलेल्या सॉफ्टवेअरची बॅकअप प्रत ठेवायला आपला १९५७ चा कॉपीराइट कायदा, कलम ५२, परवानगी देतो. कॉपी करा, फाइलला गेमचं नाव आणि साल द्या, कुठल्या फोनवर चालायचा ते लिहून ठेवा. त्यात भारतात बनलेला एखादा गेम निघाला, मराठीतला निघाला तर फारच छान, तर मला नक्की कळवा. त्यावर एक अख्खा भाग करू.

चला, भेटू पुढच्या भागात. फोन रिसेट मारायच्या आधी बॅकअप घ्या!