लंडनमधील महाधुरके (१९५२)

लंडनमधील महाधुरके ही ५ ते ९ डिसेंबर १९५२ या काळात इंग्लंडची राजधानी लंडन येथे घडलेली वायुप्रदूषणाची दुर्घटना होय. धूर व धुके यांच्या मिश्रणास धुरके म्हणतात. ब्रिटनमधील १९५६ च्या स्वच्छ हवा अधिनियमास ही दुर्घटना प्रामुख्याने कारणीभूत ठरली.

कारणे

त्या आठवड्यात लंडनवर उच्च वायुभाराचे क्षेत्र स्थिरावले व वारा जवळजवळ थांबला. जमिनीलगतच्या थंड हवेवर उबदार हवेचा थर पसरल्याने धूर वर जाऊ शकला नाही. कडाक्याच्या थंडीमुळे घरोघरी दगडी कोळसा जाळला जात होता. चांगल्या प्रतीचा कोळसा निर्यात होत असल्याने घरगुती वापरासाठी हलका कोळसा मिळे. घरे, कारखाने व वीजकेंद्रे यांतून निघालेली काजळी आणि सल्फर डायऑक्साइड धुक्यात मिसळून हवा आम्लयुक्त झाली.

परिणाम

काही भागांत चालणाऱ्यास स्वतःची पावलेही दिसत नव्हती. भुयारी रेल्वे वगळता सार्वजनिक वाहतूक ठप्प झाली. रुग्णवाहिका चालविणे अशक्य झाल्याने अनेक रुग्णांना स्वतःच रुग्णालय गाठावे लागले. अर्ल्स कोर्ट येथील पशुप्रदर्शनातील काही गुरे दगावली.

श्वसनमार्गाचा दाह, न्यूमोनिया व हृदयविकार यांमुळे मृत्यूंचे प्रमाण वाढले. वृद्ध, अर्भके आणि आधीपासून श्वसनविकार असलेले रुग्ण यांना सर्वाधिक झळ बसली. मृत्यू घरोघरी व रुग्णालयांत विखुरलेले असल्याने दुर्घटनेची व्याप्ती नोंदी एकत्र केल्यावरच उघड झाली. आरंभी सुमारे ४,००० मृत्यूंचा अंदाज करण्यात आला. पुढील महिन्यांतील वाढीव मृत्यू शासनाने इन्फ्लुएंझाच्या साथीकडे बोट दाखवून बाजूला ठेवले. नंतरच्या संशोधकांनी मात्र तेही विचारात घेऊन एकूण संख्या सुमारे १२,००० मानली.

कायद्याची वाटचाल

शासन प्रारंभी नवा कायदा करण्यास अनुत्सुक होते. संसद सदस्य व वृत्तपत्रे यांच्या दबावामुळे १९५३ साली सर ह्यू बीव्हर यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमण्यात आली. तिचा अंतिम अहवाल १९५४ मध्ये सादर झाला. खासदार जेराल्ड नबारो यांनी खासगी विधेयक मांडले. शासनाने स्वतःचे विधेयक आणण्याचे आश्वासन दिल्यावर ते मागे घेण्यात आले. ५ जुलै १९५६ रोजी स्वच्छ हवा अधिनियम संमत झाला. त्यानुसार स्थानिक संस्थांना धूरनियंत्रण क्षेत्रे घोषित करण्याचा अधिकार मिळाला. अशा क्षेत्रांतील घरमालकांना धूरविरहित इंधनाच्या शेगड्या बसविण्यासाठी अनुदान देण्याची तरतूदही करण्यात आली.

नंतरचा काळ

अधिनियमाचा रोख मुख्यतः धुरावर होता व त्याची अंमलबजावणी टप्प्याटप्प्याने झाली. त्यामुळे डिसेंबर १९६२ मध्ये लंडनला पुन्हा प्राणघातक धुरक्यास तोंड द्यावे लागले. १९६८ च्या अधिनियमाने या तरतुदी अधिक व्यापक केल्या. पुढे कोळशाऐवजी वायू व विजेचा वापर वाढल्याने असे दाट धुरके लंडनमध्ये दिसेनासे झाले.