सही कोणाची?

अर्ज हातात आला की मी मजकूर नंतर वाचतो, आधी तळाची सही बघतो. घाटंजीच्या तहसीलसमोर टेबल टाकून अर्ज लिहिण्यातच माझी हयात गेली. फेरफार, वारसनोंद, निराधारांचं मानधन, अतिवृष्टी, बोंडअळी. मजकूर बहुतेक ठरलेला असतो. 'आपला विश्वासू'च्या खाली माणूस स्वतःला काय म्हणवतो, तिथे खरा अर्जदार कळतो.

म्हणून मला जोतीराव फुल्यांची एक सही फार आवडते. १९ ऑक्टोबर १८८२ रोजी त्यांनी पुण्याहून हंटर शिक्षण आयोगाला इंग्रजीत निवेदन दिलं. खाली ओळख दिली आहे ती व्यापारी, शेतकरी आणि म्युनिसिपल कमिशनर, पेठ जुना गंज, अशी. 'गुलामगिरी' छापून तेव्हा नऊ वर्षं झाली होती, सत्यशोधक समाजालाही तितकीच. पण ग्रंथकार म्हणून सही नाही, समाजाचा संस्थापक म्हणूनही नाही. निवेदन वाचलं की कारण उमगतं. सरकारचा महसूल येतो रयतेच्या घामातून आणि खर्च होतो वरच्या वर्गांच्या उच्च शिक्षणावर, हा त्यांचा मुद्दा होता. बारा वर्षांपर्यंतच्या मुलांना प्राथमिक शिक्षण सक्तीचं करा, ही मागणी. असा मुद्दा मांडणाऱ्याने शेतकरी म्हणूनच सही करायला हवी. पैसे भरणारा हिशेब मागतोय, दान नाही.

हा सूर त्यांच्यात कुठून आला याची पुष्कळ उत्तरं आहेत. त्यातलं एक अमेरिकेत आहे. १८७३ साली 'गुलामगिरी' अर्पण केली ती अमेरिकेतल्या सदाचारी लोकांना, त्यांनी काळ्या गुलामांना दास्यातून सोडवलं म्हणून. आपण शाळेत हे एका ओळीत शिकतो आणि पुढे जातो. ते लोक कोण आणि त्यांनी नेमकं केलं काय, हे कोणी सांगत नाही. यादवी युद्ध तर झालंच. पण युद्धाच्या आधी तीसेक वर्षं त्यांनी जे केलं ते माझ्या धंद्यातलं होतं. त्यांनी अर्ज केले.

१८३० च्या दशकात राजधानी वॉशिंग्टनमध्ये तरी गुलामी बंद करा, असे हजारो अर्ज तिथल्या संसदेवर येऊ लागले. सह्या गोळा करायला दारोदार फिरणाऱ्यांत बायका मोठ्या संख्येने होत्या. मताचा अधिकार नव्हता, अर्जाचा होता. दक्षिणेतले गुलामांचे मालक चिडले. १८३६ साली प्रतिनिधीगृहाने ठराव केला की गुलामीबद्दलचा कुठलाही अर्ज आला तर तो छापायचा नाही, समितीकडे द्यायचा नाही, नुसता बाजूला ठेवायचा. आमच्या भाषेत, कागद घ्यायचा पण आवक क्रमांक द्यायचा नाही. हा ठराव या ना त्या रूपात १८४४ च्या डिसेंबरपर्यंत टिकला. तो उलथवण्यासाठी झगडणारा म्हातारा होता जॉन क्विन्सी अॅडम्स, देशाचा माजी अध्यक्ष. अध्यक्षपद भोगून पुन्हा साधा प्रतिनिधी म्हणून निवडून आलेला. आपल्याकडे असं सहसा कोणी करत नाही, तो विषय वेगळा.

फेब्रुवारी १८३७ मध्ये अॅडम्स उभा राहिला आणि सभापतींना म्हणाला, माझ्याकडे एक कागद आहे, बावीस गुलामांनी पाठवलेला दिसतो. असा अर्ज या ठरावात बसतो का? सभागृहात आगडोंब उसळला. याला बाहेर काढा, याच्यावर निषेधाचा ठराव आणा. नुसता गोंधळ. मग अॅडम्सने सांगितलं की त्या अर्जात गुलामी बंद करू नका, अशीच मागणी आहे. म्हणजे मजकूर मालकांच्या सोयीचा होता, तरी आरडाओरडा थांबला नाही, कारण भांडण मजकुराचं नव्हतंच. गुलामाने सही केली हीच आगळीक होती. शेवटी सभागृहाने ठरवून टाकलं की राज्यघटनेने लोकांना दिलेला अर्जाचा हक्क गुलामांना नाही.

मला हा प्रसंग महत्त्वाचा वाटतो, कारण त्यात आपला आणि त्यांचा फरक दिसतो. तिथे अर्ज हा नागरिकाचा हक्क होता, म्हणूनच गुलामाचा अर्ज घ्यायची भीती वाटली. घेतला की तो माणूस मोजला जाणार. आपल्याकडे पेशवाईत काय आणि कंपनी सरकारात काय, गाऱ्हाणं कोणीही घालावं. मायबाप सरकार सगळ्यांचं ऐकायला तयार, कारण ऐकून काही देणं लागत नव्हतं. आमच्या वऱ्हाडात तर आणखी गंमत. १८५३ च्या तहाने निजामाने हा मुलूख इंग्रजांच्या कारभारात दिला, पण मालकी निजामाचीच राहिली. १९०२ साली वर्षाला पंचवीस लाख रुपयांवर कायमचा पट्टा झाला, तरी कायद्याने रयत हैदराबादचीच. पुढे यवतमाळ झालेल्या जुन्या वणी जिल्ह्यातला शेतकरी अर्ज करायचा इंग्रज डेप्युटी कमिशनरला, आणि प्रजा होता निजामाची. दोघांपैकी एकाचाही तो नागरिक नव्हता.

अमेरिकेतल्या त्या लढ्याची झळ मात्र या भागाला पुस्तकाआधी कापसातून लागली. १८६१ साली तिथे यादवी पेटली, दक्षिणेच्या बंदरांची नाकेबंदी झाली आणि लँकेशायरच्या गिरण्या बंद पडल्या. हजारो मजुरांची उपासमार सुरू असताना ३१ डिसेंबर १८६२ रोजी मँचेस्टरच्या फ्री ट्रेड हॉलमध्ये कामगारांची सभा भरली आणि तिथून लिंकनला पत्र गेलं की गुलामी मोडण्यात आम्ही तुमच्या बाजूने आहोत. तिथल्या बहुतेक मजुरांना तेव्हा मतही नव्हतं. लिंकनने जानेवारीत उत्तर दिलं. त्याच वेळी गिरणीमालकांची नजर आमच्या काळ्या मातीवर होती. वऱ्हाडी कापसाला कधी नव्हे तो भाव आला. आगगाडी १८६७ ला नागपूरला पोचली, १८७० ला खामगावला फाटा झाला. पण १८६५ लाच युद्ध संपलं होतं, अमेरिकेचा कापूस परत निघाला आणि भाव कोसळला. भाव चढला तेव्हा शेतकऱ्याला कोणी विचारलं नाही, उतरला तेव्हाही नाही. ही रीत अजून मोडलेली नाही.

त्या युद्धातलंच आणखी एक दृश्य. ९ फेब्रुवारी १८६४ रोजी दोन काळे पुरुष अमेरिकेच्या सिनेटमध्ये कागदांचे मोठे गठ्ठे घेऊन आले आणि चार्ल्स समनर या सिनेटरच्या मेजावर ठेवले. एलिझाबेथ कॅडी स्टॅन्टन आणि सुझन अँथनी यांच्या महिला संघटनेने गोळा केलेल्या एक लाख सह्या होत्या त्या. पुढे हा आकडा चार लाखांच्या आसपास गेला. मागणी एकच, सगळ्या गुलामांना कायद्याने मुक्त करा. पुढल्या वर्षी घटनेत तेरावी दुरुस्ती झाली, १८६८ साली चौदाव्या दुरुस्तीने तिथे जन्मलेल्या काळ्यांना नागरिक ठरवलं. गठ्ठे कोणाच्या हाती पाठवायचे हे ज्याने ठरवलं त्याला अर्जाचं मर्म कळलेलं होतं. सह्या करणाऱ्या बायकांना देशभर मत मिळायला मात्र १९२० उजाडलं.

आपल्याकडे सह्यांची ही ताकद ओळखली ती फुल्यांचेच सहकारी नारायण मेघाजी लोखंडे यांनी. सप्टेंबर १८८४ मध्ये मुंबईत परळला गिरणी कामगारांच्या सभा झाल्या आणि साडेपाच हजार सह्यांचं निवेदन फॅक्टरी कमिशनकडे गेलं. रविवारची सुट्टी, दुपारी अर्धा तास विश्रांती, सकाळी साडेसहा ते सूर्यास्त एवढंच काम, पगार पुढल्या महिन्याच्या पंधरा तारखेच्या आत, कामावर जखमी झाला तर बरा होईपर्यंत पूर्ण पगार. मागण्या इतक्या नेमक्या की आजही कोणी अर्ज लिहून मागितला तर मी हाच नमुना पुढे करीन. सुट्टी लगेच मिळाली नाही. १८९० च्या एप्रिलमध्ये दहा हजार कामगार जमले, त्यात बायकाही बोलल्या, तेव्हा जूनमध्ये मालकांनी मानलं. गिरणी कामगारांचा रविवार तिथला आहे.

सैन्यभरतीची दारं बंद झाल्यावर महार समाजाने हाच मार्ग धरला. निवृत्त सैनिक गोपाळबाबा वलंगकरांनी १८९४ साली अर्ज तयार केला. १९१० साली शिवराम जानबा कांबळे आणि दख्खनी महारांच्या परिषदेने थेट लंडनच्या भारतमंत्र्यांना लिहिलं की सैन्यात, पोलिसात, खालच्या सरकारी नोकऱ्यांत आम्हाला घ्या. भाषा नम्र आहे, थोडी जास्तच नम्र. काहींना ती आज टोचते. पण ज्याच्या सावलीचा विटाळ मानला जात होता त्याने लंडनच्या मंत्र्याला नावानिशी कागद पाठवायचा, यात नम्रतेपेक्षा धिटाईच जास्त आहे.

आणि १९४६ च्या जुलैत डॉ. आंबेडकरांनी अमेरिकेतले काळे विद्वान डब्ल्यू. ई. बी. डुबॉइस यांना पत्र लिहिलं. अमेरिकेतल्या काळ्यांनी संयुक्त राष्ट्रांकडे अर्ज केल्याचं त्यांच्या वाचनात आलं होतं. त्याच्या दोन-तीन प्रती मिळतील का, अस्पृश्यही तसा अर्ज करायचा विचार करताहेत, अशी चौकशी होती. डुबॉइसनी ३१ जुलैला उत्तर धाडलं आणि मदतीची तयारी दाखवली. फुल्यांनी अमेरिकेच्या लोकांना पुस्तक अर्पण केलं होतं. त्र्याहत्तर वर्षांनी आंबेडकर तिथून अर्जाचा नमुना मागवत होते. कोणताही अर्जनवीस हेच करतो. चांगला मसुदा कुठे असेल तिथून आणतो.

तो अर्ज राहिला, कारण आंबेडकर घटनेचाच मसुदा लिहायला बसले. त्या घटनेत सतराव्या कलमाने अस्पृश्यता गेली. सतरावं कलम सगळ्यांना पाठ असतं. ३५० वं कुणाला ठाऊक नसतं. कोणत्याही व्यक्तीला आपल्या तक्रारीचं निवेदन संघराज्याच्या किंवा राज्याच्या कोणत्याही अधिकाऱ्याकडे, तिथे वापरात असलेल्या कोणत्याही भाषेत देता येईल, असं ते सांगतं. नागरिकत्वाची अट त्यात नाही. कोलाम आदिवासींच्या पोडावरची, म्हणजे वस्तीवरची, म्हातारी माझ्याकडे येते, कोलामीत बोलते, तिचा नातू मराठीत सांगतो, मी लिहितो. मागे एकदा खिडकीवर कोणीतरी तिला म्हणालं, हे असं चालत नाही, छापील नमुन्यातच आणा. मी तिच्या अर्जाच्या माथ्यावर 'भारतीय राज्यघटना, कलम ३५० अन्वये' असं लाल शाईने लिहून परत पाठवलं. अर्ज घेतला गेला, दुय्यम प्रतीवर शिक्का पडला, आवक क्रमांकासकट.