भाड्याची खोली आणि जात

भाड्याच्या घरांचा इतिहास हा केवळ भाडें आणि पागडी यांचा इतिहास नव्हे. दार कोणासाठीं उघडलें व कोणासाठीं मिटलें, याचाहि तो इतिहास होय.

१९१७ सालीं भीमराव आंबेडकर परदेशांतील शिक्षणानंतर बडोद्यास नोकरीवर रुजू झाले. ज्या संस्थानानें त्यांस शिष्यवृत्ति दिली, त्याच्याच राजधानींत त्यांना बिऱ्हाड मिळेना. अखेर पारशी नांव धारण करून ते एका पारशी विश्रामगृहांत दीड रुपया रोजानें राहिले. अकराव्या दिवशीं लाठ्या घेतलेली मंडळी दारांत उभी राहिली व त्यांना बाहेर पडावें लागलें. एक हिंदु व एक ख्रिस्ती अशा दोन स्नेह्यांकडेहि आसरा मिळाला नाहीं. कामाठीबागेंत कांहीं तास काढून त्यांनीं रात्रीं मुंबईची गाडी धरली.

पुढें १९५५ च्या कायद्यानें अस्पृश्यतेच्या कारणावरून कोणत्याहि वस्तींत घर घेण्यास वा राहण्यास अटकाव करणें हा गुन्हा ठरविला. परंतु घरमालक कारण उच्चारीतच नाहीं. “खोली कालच दिली” एवढेंच म्हणतो. शिवाय सहकारी गृहसंस्थेनें सभासदत्व एकाच धर्मीयांपुरतें राखणें सर्वोच्च न्यायालयानें २००५ सालीं ग्राह्य मानलें.

सातपुड्याच्या पायथ्याच्या आमच्या म्हसावद परिसरांतून भिल्ल-पावरा मुलें शिक्षणासाठीं शहरांत जातात. त्यांस भाडें व वर्तन यांविषयीं अवश्य विचारा. मात्र इतरांस विचारतां तेवढेंच विचारा. आडनांव ही भाडेकरूची कसोटी नव्हे. कायदा जेथें उंबरठ्यावर थांबतो, तेथें न्याय घरधन्याच्याच हातीं असतो.